एका गोलच्या आधीची 14 वर्षं

प्रश्न: नमस्कार सर, मी 1998 च्या नागानो ऑलिम्पिकची आइस हॉकी फायनल आत्ता पहिल्यांदा बघितली. चेक रिपब्लिकने रशियाला 1-0 हरवलं आणि तो एकच गोल पेत्र स्वोबोदा नावाच्या डिफेन्समनने, म्हणजे बचाव खेळाडूने, मारला. हा माणूस म्हणे आधी देश सोडून पळाला होता. मग देशाकडून कसा काय खेळला?

उत्तर: बरं झालं हा प्रश्न आला, कारण तो गोल सगळ्यांना माहीत असतो पण तो मारणारा तिथपर्यंत कसा पोचला हे फार कोणी विचारत नाही. स्वोबोदाचा जन्म 1966 चा, चेकोस्लोव्हाकियाच्या (तेव्हाचा कम्युनिस्ट देश, चेक रिपब्लिक त्याचाच भाग होता) उत्तरेला मोस्त नावाचं गाव आहे तिथला, आणि हॉकी शिकला शेजारच्या लित्वीनोवमध्ये. लित्वीनोव म्हणजे केमिकल कारखान्याचं गाव, क्लबही त्या कारखान्याच्याच नावाने चालायचा, आणि एवढ्याशा गावातून इतके खेळाडू कसे निघाले हे मला आजही कोडंच वाटतं. लित्वीनोव हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तर 1984 मध्ये ज्युनिअर टीम स्पर्धेसाठी पश्चिम जर्मनीत गेली होती, आणि हा परत गेलाच नाही. वय 18. आज कोणी परदेशी क्लबकडे गेला की आपण कॉन्ट्रॅक्ट किती कोटींचं ते विचारतो, त्या काळी ही गोष्ट पूर्ण वेगळी होती. परवानगीशिवाय बाहेर राहणं हा तिकडे गुन्हा होता, माणूस हजर नसतानाही खटला चालवून शिक्षा सुनावली जायची, मागे राहिलेल्या घरच्यांना नोकरीत, शिक्षणात त्रास व्हायचा, आणि परत जायचं म्हटलं तर थेट तुरुंग. बर्लिनची भिंत पाच वर्षांत पडेल असं 1984 मध्ये कोणाच्या स्वप्नातही नव्हतं. म्हणजे त्या पोराने घर कायमचं सुटलं असं धरूनच तो निर्णय घेतला असणार.

त्याच जूनमध्ये कॅनडातल्या मॉन्ट्रियलला एनएचएलचा (उत्तर अमेरिकेतली मोठी हॉकी लीग) ड्राफ्ट होता, म्हणजे क्लब आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात तो कार्यक्रम, मॉन्ट्रियल कॅनेडियन्स या क्लबच्या घरच्या फोरम स्टेडियममध्ये. पहिला नंबर मारिओ लेमिउचा, ते सगळ्यांना आधीच माहीत होतं. पाचव्या नंबरला मॉन्ट्रियल कॅनेडियन्सचे जनरल मॅनेजर सर्ज सावार यांनी स्वोबोदाचं नाव घेतलं आणि पोरगा प्रत्यक्ष तिथे हजर, चालत समोर आला! तो कॅनडात पोचलाय हे त्यांनी शेवटपर्यंत गुपित ठेवलं होतं. लोकांना वाटलं असेल की हा तर अजून लोखंडी पडद्याआड, म्हणजे कम्युनिस्ट देशातच, असणार. त्याच ड्राफ्टमध्ये 51 व्या नंबरला त्यांनी पॅट्रिक रुआ नावाचा गोली (गोलकीपर) उचलला आणि 1986 मध्ये हे दोघंही स्टॅनली कप (एनएचएलची ट्रॉफी) जिंकलेल्या टीममध्ये होते. स्वोबोदा तेव्हा 20 वर्षांचा.

आता तुमचा मूळ प्रश्न. 1989 च्या नोव्हेंबरमध्ये प्रागला कम्युनिस्ट सत्ता कोसळली आणि जाणं-येणं मोकळं झालं. पण तरी देशाकडून खेळणं सोपं नव्हतं, कारण वर्ल्ड चॅम्पियनशिप होते नेमकी एनएचएलच्या प्लेऑफच्या वेळी, आणि ऑलिम्पिकसाठी एनएचएल आपला सीझन थांबवत नव्हती. ती पहिल्यांदा थांबली 1998 ला, नागानोसाठी. म्हणून स्वोबोदाच्या आयुष्यात ऑलिम्पिक एकदाच आलं, वयाच्या 32 व्या वर्षी, देश सोडल्याला 14 वर्षं झाल्यावर.

प्रश्न: आकडे बघितले तर 17 सीझनमध्ये फक्त 58 गोल. मग त्याला मोठा खेळाडू का म्हणायचं?

उत्तर: डिफेन्समनला गोलवर मोजू नका हो! 1028 मॅच, 58 गोल, 341 असिस्ट (गोलला कारण ठरलेले पास). यातला मला सगळ्यात मोठा वाटतो तो पहिला आकडा. चेकोस्लोव्हाकियात तयार होऊन एनएचएलमध्ये हजार मॅचचा टप्पा गाठणारा तो पहिलाच. स्टॅन मिकिता त्याच्याआधी खेळला, पण तो लहानपणीच कॅनडात गेला, हॉकी तिकडेच शिकला. आणि स्वोबोदा म्हणजे काही आडदांड गडी नव्हता, उंच पण अंगाने बारीक, आणि काम काय तर समोरून धावत येणाऱ्या धिप्पाड फॉरवर्डला बोर्डावर, म्हणजे मैदानाच्या कडेच्या भिंतीशी, अडवायचं, पक (रबरी चकती) काढून घ्यायचा आणि तो येऊन आदळायच्या आत पास द्यायचा. हे एका शिफ्टमध्ये, म्हणजे साधारण पाऊण मिनिटात, आणि मग बाकावर जाऊन श्वास घेऊन परत तेच. चांगला डिफेन्समन असला की त्या पाऊण मिनिटात आपल्या गोलसमोर काहीच घडत नाही, आणि न घडलेल्या गोष्टीचा आकडा कोण लिहून ठेवणार.

शिवाय हा गरीब गाय नव्हता. पेनल्टीची, म्हणजे फाउल केल्यावर बाहेर बसायची, 1600 च्या वर मिनिटं आहेत नावावर. युरोपियन खेळाडू मऊ असतात, ढकललं की पडतात असं तेव्हा उत्तर अमेरिकेत सर्रास बोललं जायचं, त्याला हे त्याचं रोजचं उत्तर होतं.

प्रश्न: युरोपातून तिकडे गेलेल्या डिफेन्समनला सगळ्यात अवघड काय जातं? स्पीड?

उत्तर: स्पीड नाही, जागा. युरोपातली तेव्हाची रिंक (बर्फाचं मैदान) 60 मीटर लांब, 30 मीटर रुंद. एनएचएलची लांबी जवळपास तेवढीच पण रुंदी 26 मीटर. ऐकायला चार मीटर, पण डिफेन्समनचं सगळं गणित कोनांवर असतं. फॉरवर्ड बाजूने येतोय, त्याला कडेला ढकलत न्यायचं, मधे येऊ द्यायचं नाही, हे मोठ्या रिंकवर सवयीने जमतं कारण विचार करायला वेळ असतो. छोट्या रिंकवर कडेवरूनही शॉट गोलच्या जवळून येतो आणि तुम्ही पक उचलायला वळलात की अंगावर कोणीतरी आलेलंच असतं. लहानपणापासून पायात बसलेलं अंतर विसरून नव्याने शिकायचं, ते पण भाषा येत नसताना, ड्रेसिंग रूममध्ये अर्धे इंग्लिश आणि अर्धे फ्रेंच बोलणारे असताना. अठराव्या वर्षी हे ज्याने केलं त्याच्याबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

प्रश्न: त्याच्या आधी कोणी चेक डिफेन्समन गेला नव्हता का?

उत्तर: गेले होते, पण वेगळ्या वाटेने. वय तिशीच्या आसपास आलं, देशासाठी भरपूर खेळून झालं, की सरकार काही मोजक्या लोकांना परवानगी द्यायचं, मोबदल्यात पैसे घेऊन. यिरी बुब्ला हा डिफेन्समन आणि इव्हान ह्लिंका हा सेंटर 1981 ला असेच व्हँकुव्हर कॅनक्सकडे गेले. दोघेही लित्वीनोवचे!

आणि इथे गोष्ट नागानोला परत येते. त्या टीमचा कोच होता हाच ह्लिंका. क्वार्टरफायनलला अमेरिकेला 4-1 हरवलं. सेमीफायनलला कॅनडाविरुद्ध पहिला गोल मारला यिरी श्लेगरने, तोही डिफेन्समन आणि तोही लित्वीनोवमध्ये खेळलेला. कॅनडाने शेवटच्या दीड मिनिटात बरोबरी केली, मग शूटआउट, त्यात आपला गोली डोमिनिक हाशेकने पाचच्या पाच अडवले आणि एकमेव गोल रॉबर्ट राइखेलचा, परत लित्वीनोव. फायनलला समोर रशियाचा पावेल बुरे, ज्याने आदल्या मॅचमध्ये फिनलंडला एकट्याने पाच गोल मारले होते. त्याला त्या दिवशी एकही मिळाला नाही. हाशेकचं कौतुक होतंच, व्हायलाच हवं, पण हाशेकच्या पुढ्यात उभं राहून बुरेला मोकळी जागा न देणारे कोण होते तेही बघा की.

तिसऱ्या पिरियडमधला गोल परत एकदा लावून बघा. पातेरा, प्रोखाझ्का, मग पक स्वोबोदाकडे, आणि त्याने गर्दीतून मारलेला शॉट रशियाचा गोली श्तालेन्कोवला चुकवून आत. अख्ख्या स्पर्धेत त्याने मारलेला हा एकच गोल. तिकडे प्रागच्या ओल्ड टाउन स्क्वेअरमध्ये पहाटेपासून हजारो लोक मोठ्या स्क्रीनसमोर उभे होते, त्यात 1984 मध्ये पळालेल्यांना देशद्रोही म्हणताना ऐकलेले किती असतील कोण जाणे, आणि आता सगळे त्याचंच नाव घेऊन ओरडत होते.

प्रश्न: पुढे काय झालं त्याचं?

उत्तर: मॉन्ट्रियल 1992 लाच सुटलं होतं, मग बफेलो (तिथे हाशेक टीममेट होता), मग फिलाडेल्फिया, आणि 1998 च्या डिसेंबरपासून टॅम्पा बे. डोक्याला लागलेल्या मारामुळे 2000-01 च्या सीझननंतर थांबावं लागलं. नंतर तो खेळाडूंचा एजंट झाला, चेक स्टार यारोमीर यागरचं कामही त्याने बघितलं. हजार मॅचचा त्याचा टप्पा पुढे नागानोचाच सहकारी डिफेन्समन रोमान हमर्लिकने मागे टाकला, 1395 मॅच. हमर्लिक 1992 च्या ड्राफ्टला पहिल्या नंबरवर निवडला गेला आणि सरळ विमानात बसून गेला, लपूनछपून नाही.