वाचकांचे प्रश्न: वाइन, काळ आणि सुबत्ता एकाच देवाकडे कशी द्यायची?

प्रश्न: मी एक फॅन्टसी कादंबरी लिहितेय, त्यातला मुख्य देव पूर्ण माझ्या मनातला आहे. वाइनचा, काळाचा आणि अख्ख्या विश्वाच्या सुबत्तेचा देव. मैत्रिणीला वाचायला दिलं तर ती म्हणाली तीन देव एकात कोंबल्यासारखे वाटतात. आमच्या घरची द्राक्षबाग आहे त्यामुळे वाइन काढून टाकायला मन होत नाही. काय करू? आणि असा माणसांनी बनवलेला देव कधी कुणी खरंच मानलाय का?
– एक वाचक, निफाड

उत्तर: मानलाय ना, आणि जवळजवळ सातशे वर्षं मानलाय! दुसऱ्या प्रश्नापासूनच सुरू करतो कारण पहिल्याचं उत्तर त्यातच आहे.

अलेक्झांडर इ.स.पू. 323 मध्ये गेला आणि त्याचा सेनापती टॉलेमी इजिप्तचा मालक झाला. आता राज्य करणारे ग्रीक, प्रजा इजिप्शियन, दोघांचे देव वेगळे. इजिप्तमधल्या मेम्फिस शहरात एक जुनी पूजा चालायची, एपिस नावाचा पवित्र बैल मेला की तो ओसिरिस, म्हणजे मेलेल्यांच्या जगाचा देव, होतो अशी श्रद्धा होती, त्या ओसिरिस-एपिसलाच दाढी, कुरळे केस आणि ग्रीक कपडे मिळाले आणि तो झाला सेरापिस. प्लुटार्क हा जुना ग्रीक लेखक सांगतो की टॉलेमीला स्वप्नात एक प्रचंड मूर्ती दिसली, ती काळ्या समुद्राकाठच्या सिनोपेहून आणवली वगैरे. म्हणजे देव नवा, पण हवेतून काढलेला नाही. तुम्हाला हे वेगळं समजवायला नको, डॉगरिज जातीच्या खुंटावर थॉमसन द्राक्षाचं कलम भरतात तसंच आहे हे, खुंट जुना आणि चिवट हवा. पुढे हा देव इतका पसरला की कुषाण राजा हुविष्काच्या सोन्याच्या नाण्यावरसुद्धा ‘सारापो’ म्हणून आहे!

आता तुमची खरी अडचण. सेरापिसच्या डोक्यावर मुकुट नसतो, धान्य मोजायचं माप असतं. आपल्याकडे नवी नवरी उंबऱ्यावरचं माप ओलांडते ना, तसं धान्याचं माप, ते थेट देवाच्या डोक्यावर. मला हे फार म्हणजे फार आवडतं, कारण तुमच्या तिन्ही गोष्टी त्या एका मापात बसतात.

वाइन बघा. इजिप्तचा राजा तूतनखामेन याच्या थडग्यात वाइनचे रांजण सापडले, त्यांच्यावर शाईने लिहिलंय राजाच्या कारकिर्दीचं कितवं वर्ष, मळा कुणाचा, आणि वाइन करणाऱ्या मुख्य माणसाचं नाव. वर्ष 4, वर्ष 5, वर्ष 9. म्हणजे रांजणात नुसती वाइन नाही, एक अख्खं वर्ष सील करून ठेवलेलं आहे. आणि ज्या ओसिरिसपासून सेरापिस आला त्याला पिरॅमिडमधल्या जुन्या मंत्रांत वाइनचा स्वामी म्हटलंय, ग्रीक इतिहासकार हेरोडोटस तर सरळ लिहितो की ओसिरिस म्हणजेच डायोनिसस, ग्रीकांचा वाइनचा देव.

सुबत्ता तिथे नाईलच्या पुरातून यायची आणि पूर दरवर्षी ठरल्या काळात यायचा, तोही ‘हातां’त मोजायचे, म्हणजे कोपरापासून बोटाच्या टोकापर्यंतच्या लांबीत. प्लिनी या रोमन लेखकाने हिशोब देऊन ठेवलाय: पाणी 12 हात चढलं तर दुष्काळ, 13 हात तरी भूक, 14 ला आनंद, 15 ला निर्धास्ती, 16 ला चैन. बारा आणि सोळामध्ये फक्त चार हातांचं अंतर, आणि त्यात लाखो लोकांचं वर्ष कसं जाणार ते ठरायचं. पूर मोजायची ती पट्टी अलेक्झांड्रियाला सेरापिसच्याच देवळात ठेवलेली असायची.

म्हणून सांगतो, तुमच्या देवाला तीन खाती देऊ नका, एकच काम द्या, मोजायचं. तो वाइन मोजतो म्हणून वर्ष कळतं, वर्ष मोजतो म्हणून पीक येतं, एवढं पुरे. आणि पूजा कशी दाखवायची ते तुमच्या बागेतच आहे की, एप्रिलची खरड छाटणी, ऑक्टोबरची फळछाटणी, आणि त्यानंतर घरातला प्रत्येक माणूस बोलता बोलता सांगतो आज बागेचा कितवा दिवस आहे. तुमच्या पुजाऱ्यांना तसंच बोलू द्या, मोठमोठी स्तोत्रं नकोत. ‘विश्वाची सुबत्ता’ हे शब्द तर पहिल्या शंभर पानांत काढूच नका, एक भरलेलं माप दाखवा.

अजून एक, भीती पाहिजे. सुबत्तेच्या देवाची भीती दाखवायची राहून जाते आणि मग तो नुसता गोडगोड होतो. इ.स. 391 च्या सुमारास अलेक्झांड्रियाचं ते देऊळ पाडलं, तेव्हा लोकांत अशी समजूत होती की माणसाचा हात मूर्तीला लागला तर जमीन फाटेल आणि आभाळ खाली येईल. एका सैनिकाने तोंडावर कुऱ्हाड मारली. काहीच झालं नाही. तरी लोकांच्या मनात होतंच की आता नाईलला पूर येणार नाही, देव रागावला म्हणजे पाणी गेलं. आणि पूर आला, नेहमीपेक्षा जास्त आला.

तुमच्या कादंबरीत कुणीतरी ते माप फोडतो असा प्रसंग लिहा, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बागेत कोण पहिल्यांदा जातं आणि दिवस कितवा म्हणून सांगतं, तिथून पुढचं प्रकरण सुरू करा. लिहून झालं की पाठवा, मला वाचायचंय.