शापित तळ्याला आधी नियम दे

तुझ्या कथेतल्या शापित तळ्याचं वर्णन झकास जमलंय, पण ते माणसं मारतं कसं, हे तू स्वतःच ठरवलेलं दिसत नाही. पहिल्या प्रकरणात पाणी पिऊन मरतात, तिसऱ्यात नुसतं बघून! असं चालत नाही रे. जादूलाही शिस्त लागते.

कॅमेरूनमधल्या न्योस सरोवराबद्दल वाच. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री तळाशी साठलेला कार्बन डायऑक्साइड एकदम उसळला, हवेपेक्षा जड म्हणून दऱ्यांत उतरला आणि सुमारे १,७०० माणसं गुदमरून गेली. गुरंढोरंही. आता हेच तुझ्या तळ्याला लाव: शाप उताराने वाहतो. मग घरं टेकाडावर असतील, आजी नातवाला जमिनीवर अंथरूण घालू देणार नाही, गुराख्याने पलिता गुडघ्याखाली नेला की तो विझेल. तो विझणारा पलिता दाखव. 'भयाण', 'गूढ' हे शब्द आपोआप गळतील. (माझ्या पहिल्या कथेत 'भयाण' अकरा वेळा होतं.)

आणि नाव बदल. 'मृत्युसरोवर' कुठलाच गावकरी म्हणत नाही. ते नुसतं 'थोरलं' म्हणतील, तेही आवाज खाली आणून.