दुसऱ्या अल्बमला बसायच्या आधी

लेकरा,

तुझा साडेसहा मिनिटांचा व्हॉइस मेसेज रात्री ऐकला, सकाळी गाडीत परत ऐकला, अन् सोबत पाठवलेली तुमच्या बँडची सातही नवी गाणी दोनदा ऐकली, एकदा हेडफोनवर अन् एकदा मोबाईलच्या स्पीकरवर, कारण शेवटी लातुरातली पोरं मोबाईलवरच ऐकणार आहेत. तू म्हणायलास की ऑगस्टमध्ये पुण्याला स्टुडिओ बुक करायचा, आठ दिवसात सगळं उरकायचं अन् दिवाळीला अल्बम काढायचा. फोन न करता लिहायलोय कारण फोनवर तू मधीच बोलतोस अन् मला हे पूर्ण सांगायचंय.

थांब. फेब्रुवारीपर्यंत रेकॉर्डिंगला हात लावू नको.

पहिल्या अल्बममधली गाणी तू अकरावीला असल्यापासून लिहीत होतास. ती गाणी गॅदरिंगला वाजली, युवक महोत्सवात वाजली, कुणाच्या तरी हळदीत वाजली, कुठल्या ओळीला लोक मोबाईल खाली ठेवून ऐकतात अन् कुठल्या ओळीला चहा आणायला उठतात हे तुम्हाला रेकॉर्डिंगच्या आधीच माहीत झालं होतं. ही सात गाणी चार महिन्यांची आहेत. तुम्ही चौघं अन् मी सोडून कुणीच ऐकलेली नाहीत. अन् त्यातली तीन तर पहिल्या अल्बममधल्या त्या गाजलेल्या गाण्यावरच बेतलीत, तोच टेम्पो, कोरसच्या आधी गिटारचा तसाच थांबा, तसंच वरच्या पट्टीत चढणं. कसं झालं ते कळतंय मला. लोक रोज तेच मागायलेत, अन् मागणाऱ्याला नाही म्हणायचं वय नसतं ते. पण ती तीन गाणी बाजूला ठेव, डिलीट करू नको, नुसती ठेव.

रेडिओहेड या इंग्लंडच्या बँडचं तुला माहीतच असेल. पहिल्या अल्बममधलं एकच गाणं इतकं चाललं की 1994 ला दुसऱ्या अल्बमला बसले तेव्हा कंपनीला तसंच आणखी एक हिट पाहिजे होतं, लंडनच्या स्टुडिओत त्यांचं काम अडकलं, कुणालाच काही पटेना. मग ते काम थांबवून टूरवर गेले, नवी गाणी लोकांसमोर वाजवली, परत येऊन बाकीचं रेकॉर्ड केलं, अन् मार्च 1995 ला अल्बम आला तो आजपर्यंत लोक ऐकतात. निर्व्हाना या अमेरिकेतल्या बँडचं बघ. पहिला अल्बम साधारण 600 डॉलरमध्ये केलेला, दुसरा सप्टेंबर 1991 चा, ज्यानं त्यांना जगभर नेलं. त्यातलं सगळ्यात मोठं गाणं त्यांनी एप्रिलमध्ये सिएटलच्या एका छोट्या जागेत लोकांपुढं वाजवलं होतं, रेकॉर्डिंग मेमध्ये. आपल्याकडं द लोकल ट्रेन या हिंदी रॉक बँडचा पहिला अल्बम 2015 चा अन् दुसरा 2018 चा, मधली तीन वर्षं काही पोरं घरी बसली नव्हती, गावोगाव वाजवत होती. अंतर पडलं की लोक विसरतात अशी भीती तू बोलून दाखवलीस. विसरतात थोडे. अर्धवट गाणं ऐकवलं तर मात्र लक्षात ठेवून सोडून जातात, ते वाईट.

आमचं सांगतो, तुला पूर्ण कधी सांगितलं नाही. तेव्हाच्या औरंगाबादेत आमचा पाच जणांचा बँड होता, पहिला अल्बम आम्ही कॅसेटवर काढला अन् हातोहात खपवला, कॉलेजात नाव झालं. दुसऱ्याला पुण्यात तासावर स्टुडिओ घेतला तेव्हा तीन गाण्यांना अंतराच नव्हता, म्हणलं तिथं सुचेल. तिथं घड्याळ दिसायचं नुसतं. बाहेर पैसे मोजत बसलेला माणूस अन् आत मी ड्रमरवर ओरडतोय की तुझ्यामुळं वेळ चालला, खरं तर चूक माझीच होती, गाणं मी पूर्ण लिहिलं नव्हतं. शेवटी पैसे संपले, स्टुडिओवाल्यानं उरलेले मिळाल्याशिवाय ट्रॅक देणार नाही म्हणलं, आम्ही जमवून परत गेलो तोवर हार्ड डिस्क उडाली होती. अल्बम नाही अन् ड्रमर अकरा वर्षं माझ्याशी बोलला नाही. त्याच्या आई गेल्या तेव्हा मी दारात गेलो अन् आम्ही दोघं काही न बोलता बसलो होतो. म्हणून एवढं जीव तोडून सांगायलोय.

आता चौथ्या गाण्याबद्दल. पाण्याच्या रेल्वेचं. ते ऐकताना मी गाडी बाजूला घेऊन थांबलो होतो. 2016 च्या दुष्काळात, एप्रिलमध्ये, मिरजेहून लातूरला पाण्याची पहिली गाडी आली, 10 वाघिणी, 5 लाख लिटर पाणी, तू तेव्हा सहावीत असशील. त्या गाण्याचा मुखडा अस्सल तुझा आहे, कुणाचा उसना नाही. पण अंतऱ्यात तू एकदम भेगाळलेली जमीन, कोरडे डोळे, आभाळाकडं बघणारा बाप असं सगळं आणलंस, ते तुझं नाही रे, ते कॅलेंडरवरचं आहे. तू काय पाहिलं ते लिही. घागरींच्या रांगेत तुमची घागर कितवी होती, आईनं अंघोळीचं पाणी कशात साठवून परत फरशीला वापरलं, शाळेत बाटली कुणी चोरली का. तुमचा दुसरा अल्बम म्हणजे हे गाणं आहे, बाकीची गाणी त्याच्या शेजारी उभी राहतात का ते बघायचं, त्या जुन्या हिटच्या शेजारी नाही.

आता वेळेचं गणित. गणपतीत, नवरात्रात अन् डिसेंबर-जानेवारीच्या गॅदरिंगला दर कार्यक्रमात दोन नवी गाणी वाजवा, नवं गाणं आहे असं सांगू नका, जुन्याच्या मधी घाला अन् मोबाईलवर रेकॉर्ड करून घरी ऐका. तुमचा आवाज ऐकू नका, लोकांचा ऐका. जिथं गलका वाढला तिथं गाणं लांबलंय. फेब्रुवारीत रेकॉर्डिंग म्हणलं त्याला आणखी एक कारण आहे, एप्रिल-मेमध्ये आपल्याकडं पंखा अन् कूलर बंद करून गाता येत नाही अन् चालू ठेवला तर माईकमध्ये घरघर येते. थंडी सरता सरता पहाटे पाच ते आठ गळा तयार करून गायचं, भोंगे अन् एसटीचे हॉर्न गृहीत धरून.

सगळं पुण्याला करायची गरज नाही. ड्रम्स तेवढे दोन दिवस चांगल्या खोलीत करा, क्लिकवर म्हणजे कानातल्या टिकटिकीच्या ठेक्यावर, सोबत कच्चं गिटार अन् कच्चा आवाज घेऊन, बाकी बास, गिटार, आवाज इथंच. रेकॉर्डिंगची सेटिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिट ठेवा अन् पहिल्या दिवसापासून बदलू नका. तुझी खोली 10 बाय 12 ची आहे, तिथं भिंतीला वाकळ टांगून साऊंडप्रूफ झालं असं समजू नको, वाकळ वरचा चिरका आवाज खाते पण खालचा बास तसाच राहतो, 10 फुटाच्या दोन समोरासमोर भिंतींत साधारण 56 हर्ट्झला आवाज घुमतो, म्हणून तुला बास तिथं लई वाटतो, तू मिक्समध्ये कमी करतोस अन् गाडीत ऐकलं की गाणं पोकळ. माझ्या आडतीच्या वरच्या खोलीत भिंतीला सोयाबीनची पोती लागलेली असली की खोली बरी वाजते, ते मी वीस वर्षांपासून पाहतोय. अन् लाईट जाते तेव्हा चालू टेक मरतो, कॉम्प्युटर अन् इंटरफेस, म्हणजे माईक कॉम्प्युटरला जोडणारा डबा, दोन्ही यूपीएसवर पाहिजेत. रोज रात्री सगळे ट्रॅक दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर, अन् त्यातली एक दुसऱ्याच्या घरी. यात सूट नाही.

संबळाचं बोलायचं राहिलं. सहाव्या गाण्यात तू सॅम्पल पॅकमधला, म्हणजे आयता रेकॉर्ड केलेला, संबळ लावलास. तुळजापूर आपल्यापासून दोन तासाच्या आत आहे लेकरा, अन् गोंधळी तुझ्या गावातसुद्धा असतील. माणूस बोलाव. आधी त्याला वाजवू दे, त्याला क्लिकला बांधू नको, त्याची लय पुढं-मागं होते तीच त्याची चाल आहे, मग त्याच्यावर तुमचे ड्रम्स बसवा. अन् संबळ आला की ड्रम्समधले टॉम कमी करा, दोघं एकाच जागी घुमतात अन् दोघंही ऐकू येत नाहीत. त्याला बाकीच्यांएवढेच पैसे अन् क्रेडिटमध्ये पूर्ण नाव. त्यानं घराण्यातलं एखादं पद गायलं तर ते तुमचं म्हणून लिहू नका.

पैशाचं अन् नावाचं कागदावर आणा, रेकॉर्डिंगच्या आधी, चहा पीत असताना, सगळे खुशीत असताना. एका गाण्यात दोन मालमत्ता असतात, एक गाणं म्हणजे शब्द अन् चाल, दुसरं म्हणजे ते रेकॉर्डिंग. पाचव्या गाण्याची सुरुवात तर तुमच्या बासवाल्याच्याच तालावर आहे, मग चालीत त्याचे किती टक्के? आज तो म्हणतो राहू दे. गाणं चाललं की राहू देत नाही, अन् त्याचं चूकही नाही. तू अन् ज्यानं ज्यानं चाल केली ते सगळे आयपीआरएसचे मेंबर व्हा, गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करून देणारी ही संस्था 1969 पासून आहे, अन् कॉपीराइट कायद्यातल्या 2012 च्या दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराला रॉयल्टीचा हक्क असा लिहून सोडून देता येत नाही. कुणी कंपनीवाला सगळे हक्क कायमचे असा कागद पुढं सरकवला तर सही करू नको, मला फोटो पाठव, आपण वकिलाला दाखवू.

रिलीजचं थोडक्यात. दिवाळीचं डोक्यातून काढ. तुला ऐकणारी निम्मी पोरं ट्युशन एरियातली, मेडिकलच्या नीट परीक्षेची तयारी करणारी, ती परीक्षा साधारण मेच्या पहिल्या रविवारी असते. त्याच्यानंतरच्या शुक्रवारी काढ, त्या दिवशी त्यांच्याकडं वेळही असेल अन् मनही मोकळं. डिस्ट्रिब्युटरकडं, म्हणजे गाणी ॲपवर चढवणाऱ्या कंपनीकडं, महिनाभर आधी अपलोड कर, स्पॉटिफायच्या एडिटरकडं गाणं पाठवायला कमीत कमी सात दिवस आधी लागतात अन् एका वेळी एकच गाणं पाठवता येतं, ते चौथं पाठव. बँडचं नाव सगळीकडं एकाच स्पेलिंगनं. मास्टरिंगवाल्याला, म्हणजे गाण्यावर शेवटचा हात फिरवणाऱ्याला, फार मोठा आवाज कर म्हणू नको, स्पॉटिफाय सगळ्यांना साधारण उणे 14 लफ्सवर (आवाज किती मोठा वाटतो त्याचं माप) आणून ठेवतं, मग चेपलेलं गाणं नुसतं सपाट वाटतं. पैसे देऊन स्ट्रीम वाढवून देतो म्हणणाऱ्यापासून लांब राहा, पकडलं की गाणंच काढून टाकतात. अन् 2024 पासून वर्षात 1000 स्ट्रीमच्या खाली असलेल्या गाण्याचे स्पॉटिफायवर पैसेच धरत नाहीत, म्हणून सात गाण्यांवर हिशोब बांधू नको, घर कार्यक्रमांवरच चालेल.

तू विचारलंस की सात पुरे का. पाच चांगली असली तर पाच काढ.

रविवारी चारनंतर या, चौघंही. मी वरची खोली झाडून घेतो, पोती एका भिंतीला लावून ठेवतो, ॲम्प तेवढा आणा. बासवाल्याला वेगळा फोन कर, माझं नाव सांगून नको, तूच बोलव. अन् चौथ्याचा अंतरा लिहून आण, झाला नसला तरी ये, तिथं बसून घागरींचं बोलू.

तुझा,
काका