अनंताच्या कळ्या गळतात तेव्हा

नर्सरीतून कळ्यांनी भरलेला अनंत आणलात आणि घरी येताच कळ्या काळ्या पडून गळाल्या, तरी घाबरू नका. जागा बदलली की हे झाड असंच करतं. पूर्वेच्या खिडकीत, सकाळच्या उन्हात ठेवा आणि मग कुंडी हलवू नका. एसीच्या झोतापासून तर लांबच.

खरी मेख मातीत आहे. अनंताला आम्लधर्मी माती लागते, सामू (पीएच, म्हणजे आम्लता मोजणारा आकडा; जितका कमी तितकी माती आम्ल) साधारण ५ ते ६. बोअरचं जड पाणी घालत राहिलात की सामू चढतो, मुळांना लोह उचलता येत नाही आणि कोवळी पानं पिवळी पडून शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. तेव्हा नुसतं शेणखत वाढवून भागत नाही; चिलेटेड लोह (मुळांना सहज उचलता येईल अशा रूपातलं लोह) द्या, आणि पावसाचं पाणी साठवता आलं तर फार उत्तम. खालची जुनी पानं भराभर पिवळी पडत असतील, तर मात्र बहुधा पाणी जास्त होतंय. मातीत बोट खुपसून बघा.

बेचक्यात कापसासारखं पांढरं दिसलं की तो पिठ्या ढेकूण. कडुनिंबाचं तेल, साबणाचे थेंब, संध्याकाळी फवारणी. छाटणी बहर संपल्या संपल्या करा. उशीर झाला तर पुढच्या कळ्याच कापल्या जातात.