नेदरलँड्सचा झेंडा फ्रान्सच्या झेंड्यावरून घेतला आहे का? त्याच्या रंगांचा अर्थ काय?

नाही, घेतलेला नाही. फ्रान्सचा तिरंगा 1790 च्या दशकातला, डच झेंडा त्याच्या दोनशे वर्षं आधीचा. "फ्रान्सचा आडवा धरला की झाला हॉलंडचा" हे वाक्य मी आमच्या थोरल्या दिरांकडून दर गणपतीत ऐकते, तेही भर पंक्तीत. म्हणून हा प्रश्न दिसल्यावर गप्प बसवलं नाही.

आम्ही नेदरलँड्समध्ये अ‍ॅमस्टेलवेनला राहतो. जून 2023 मध्ये लेक शाळेच्या शेवटच्या परीक्षेत पास झाली. इथे मूल पास झालं की घरावर झेंडा लावतात आणि काठीच्या टोकाला त्याचं दप्तर अडकवतात. गल्लीत दोन-तीन दप्तरं आधीच लोंबत होती. शाळेतून फोन आला तसा नवरा धावत जाऊन झेंडा घेऊन आला, आणि तो काठीला बांधला मी. घाईत निळा वर, लाल खाली. आमच्यापैकी कुणाच्याच ध्यानात आलं नाही.

संध्याकाळी समोरच्या आजी फुलं घेऊन आल्या. ऐंशीच्या पुढच्या. लेकीचं कौतुक केलं, आणि निघताना मला दारात थांबवून हळूच विचारलं, "तुम्ही शेतकऱ्यांच्या बाजूच्या का?" मला काही कळेना. त्यांनी बोट वर केलं तेव्हा लख्ख उजेड पडला. सरकारच्या नायट्रोजनच्या नियमांवर संतापलेल्या शेतकऱ्यांनी 2022 पासून रस्त्यांच्या कडेला, पुलांवर उलटे झेंडे टांगले होते. उलटा झेंडा ही जहाजांवरची जुनी खूण, आम्ही संकटात आहोत म्हणून. ते झेंडे मी वर्षभर गाडीतून बघत होते, पण ते उलटे आहेत हे मला दिसलंच नव्हतं. या देशाचं मीठ खाऊन दहा वर्षं झाली होती. फार लाज वाटली. आजींनी काठी धरली, मी गाठी सोडल्या, झेंडा सरळ केला.

मी त्यांना म्हटलं, सगळीकडे नारिंगी नारिंगी करता, मग झेंड्यातच नारिंगी कसा नाही? तर त्या तिथेच पायरीवर बसल्या. त्यांचे वडील सांगायचे, दुसऱ्या महायुद्धाच्या आधी इथले नाझीधार्जिणे नारिंगी-पांढरा-निळा झेंडा मिरवत फिरायचे. मुसर्टचा एनएसबी पक्ष तो. हा आमचा खरा, मूळ झेंडा, असं त्यांचं म्हणणं. शेवटी 19 फेब्रुवारी 1937 ला राणी विल्हेल्मिनाने एका वाक्याचा हुकूम काढला: राज्याच्या ध्वजाचे रंग लाल, पांढरा आणि निळा. बस्स. ज्या घराण्याचा रंगच नारिंगी, त्या घराण्याच्या राणीने लाल निवडला. मला ही गोष्ट फार मोठी वाटते.

मूळ नारिंगी होता हे मात्र खरं. 1570 च्या दशकात स्पेनच्या राजाविरुद्ध बंड उठलं, त्याचा पुढारी ओरान्येचा विलम (डचमध्ये ओरान्ये म्हणजे नारिंगी), म्हणून बंडखोरांचा झेंडा नारिंगी-पांढरा-निळा. त्याला राजपुत्राचा झेंडा म्हणत. सतराव्या शतकात हळूहळू नारिंगीच्या जागी लाल आला. कुणी म्हणतं नारिंगी रंग समुद्रावर टिकत नसे, कुणी म्हणतं 1650 नंतर ओरान्ये घराण्याला सत्तेबाहेर ठेवलं त्याचा हा परिणाम. बदल एका दिवसात झाला नाही एवढं नक्की. मग 1796 मध्ये लाल-पांढरा-निळा कायद्याने ठरला, आणि नेमक्या छटा 1949 मध्ये: वर हिंगुळासारखा झळझळीत लाल, खाली कोबाल्ट निळा.

अर्थाचं म्हणाल तर लाल म्हणजे शौर्य, पांढरा म्हणजे श्रद्धा वगैरे जे नेटवर फिरतं ते मागाहून चिकटवलेलं आहे. राणीच्या हुकमात अर्थाचं एक अक्षर नाही.

आता भाऊजींसाठी. भाऊजी, तुमचं घर वेंगुर्ल्यात. तिथली पडकी डच वखार तुम्ही लहानपणापासून बघता. सतराव्या शतकात डचांनी ती घातली, गोव्याच्या पोर्तुगीजांची कोंडी करायला त्यांना हे बंदर हवं होतं, आणि ते शतक संपायच्या आत ते गाशा गुंडाळून गेलेही. त्यांच्या व्हीओसी, म्हणजे डच ईस्ट इंडिया कंपनीचा झेंडा म्हणजे हेच तीन आडवे पट्टे आणि मध्ये कंपनीची अक्षरं. वरचा पट्टा नारिंगी की लाल यावर हवा तेवढा वाद घाला, त्या काळात दोन्ही चालत. पण डच वेंगुर्ल्यातून गेले त्याला सुमारे शंभर वर्षं झाली, तेव्हा कुठे फ्रान्सचा तिरंगा जन्माला आला. मग नक्कल कुणी कुणाची केली?

फ्रान्सचा काहीच संबंध नाही असंही नाही, हे कबूल करायला हवं. ओरान्ये हे संस्थान मुळात दक्षिण फ्रान्समधलं. 1796 चा कायदा करणारं सरकार फ्रेंच फौजेच्या आधाराने आलेलं. आणि 1810 ते 1813 हा देश फ्रान्सलाच जोडलेला होता, तेव्हा इथे फ्रान्सचाच झेंडा होता. पण ते गेल्यावर लोकांनी आपला जुना झेंडा पुन्हा वर चढवला, त्याच्या जोडीला लांब नारिंगी पट्टी लावून. आजही 27 एप्रिलला, राजाच्या वाढदिवशी, ती पट्टी लावतात. परीक्षेच्या झेंड्याला ती नसते, फक्त दप्तर.

यंदा गणपतीला आम्ही वेंगुर्ल्याला येतोय. आरती झाली की भाऊजींना वखारीपाशी घेऊन जाणार आहे. घरापासून चालत दहा मिनिटं.