पन्नकाकाचं कपाळ

स्वीडनमधल्या उप्सालाला राहणाऱ्या एका ताईंनी विचारलं आहे. शेजारणीकडून शिकलेल्या पातळ स्वीडिश पॅनकेकची कृती त्या मराठीत लिहीत आहेत. त्याला घावन म्हणावं की धिरडं? आणि 'बॅटर'ला मराठी शब्द कोणता? सोबत त्यांनी कृतीही पाठवली आहे. ३ अंडी, ६ डेसिलिटर दूध, अडीच डेसिलिटर मैदा, अर्धा चमचा मीठ, ३ मोठे चमचे लोणी. शेवटचं वाक्य असं: "आता गरम पॅनमध्ये एकेक पॅनकेक बनवा."

आधी त्या 'बनवा'कडे येतो, कारण तो शब्द मला रोज टोचतो. चहा बनवतात, भाजी बनवतात, पोळ्या बनवतात. अहो, मराठीत बनवतात ते माणसाला, बनवाबनवी करून! स्वयंपाकात प्रत्येक पदार्थाचं आपलं क्रियापद असतं आणि त्या क्रियापदातच अर्धी कृती सांगून होते. भाकरी थापायची, पोळी लाटायची, लाडू वळायचे, चकल्या पाडायच्या, पुऱ्या तळायच्या, धिरडी घालायची. 'घालायची' म्हटलं की हातात लाटणं घ्यायचं नाही, पीठ ओतायचं आहे, हे न सांगता कळतं. 'बनवा' म्हटलं की यातलं काहीच कळत नाही. ताई, तुमच्या शेजारणीची भाषासुद्धा इथे जागरूक आहे. मासा तव्यावर परततात तेव्हा 'स्तेका' हे क्रियापद येतं. पॅनकेकही तव्यावरच आणि लोण्यातच होतो, पण पाककृतींत त्याला 'ग्रेद्दा' लावतात. ओव्हनमधल्या केकला आणि पावालाही हेच क्रियापद चालतं. म्हणजे त्यांच्या लेखी पॅनकेक तळायचा पदार्थ नाही, तो भाजण्याच्या घराण्यातला आहे.

'बॅटर'ला पीठ म्हणा. पीठ कोरडं असतं तसं भिजवलेलंही असतं, आणि किती भिजवलं ते सांगायला आपल्याकडे घट्ट, सैल, सरसरीत, पातळ असे शब्द आहेत. इथे मैद्याच्या दुपटीहून अधिक दूध आहे, तेव्हा हे सरसरीतच्याही पुढचं, ताकासारखं पातळ पीठ. स्वीडिशमध्ये त्याला 'स्मेत' म्हणतात. 'स्मेता' म्हणजे माखणे, फासणे, त्यावरून.

आता मूळ शब्द. स्वीडिशमध्ये तो 'पन्नकाका', अनेकवचन 'पन्नकाकोर'. त्यात 'पॅ' कुठेही नाही. 'पॅनकाका' असं अर्धं इंग्रजी आणि अर्धं स्वीडिश लिहिणं थांबवावं ही विनंती. शब्दाची फोड सोपी आहे: पन्ना म्हणजे तवा आणि काका म्हणजे केक, असं कुणीही सांगेल. पण 'केक' म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढे मेणबत्त्या लावलेला फुगीर केक येतो आणि मग "हा कसला केक, ही तर पोळी" अशी तक्रार सुरू होते. ही तक्रार उलट्या बाजूची आहे. 'काका' हा जुना नॉर्स शब्द, नॉर्स म्हणजे व्हायकिंग लोकांची भाषा. त्याचा अर्थ चपटी, गोल, भाजलेली वस्तू. आजही स्वीडिशमध्ये 'ब्रोदकाका' म्हणजे चपटा गोल पाव. इंग्रजीने 'केक' हा शब्द नॉर्सवरूनच घेतला आणि फुगवला नंतर. पन्नकाका मुळाशी इमानदार राहिला आहे. पुढे गंमत अशी की इंग्रजीतलं 'केक्स' हे अनेकवचन परत स्वीडनला गेलं, तिथे ते 'केक्स' असं एकवचन होऊन बसलं आणि त्याचा अर्थ झाला बिस्कीट. आपल्याकडे 'मॅचेस'ची 'माचीस' झाली आणि ती एकच पेटी राहिली, अगदी तसंच.

पण मला खरं सांगायचं आहे ते पहिल्या अर्ध्याबद्दल. ताई, शेजारणीला विचारा, 'पन्ना' म्हणजे आणखी काय? ती तव्यावरची नजर काढून स्वतःच्या भुवयांच्या वर बोट ठेवेल. पन्ना म्हणजे कपाळ! तवाही पन्ना आणि कपाळही पन्ना. डॅनिशमध्येही तसंच, तव्याचा आणि कपाळाचा शब्द एकच. 'पन्नबेन' म्हणजे कपाळाचं हाड, आणि ज्या धावपटूला दम टिकवून ठेवता येतो त्याच्याकडे 'पन्नबेन' आहे असं स्वीडिश लोक म्हणतात. तवा आणि कपाळ हे दोन वेगळे शब्द योगायोगाने एकसारखे झालेले नाहीत, तो एकच शब्द आहे. भांड्याचं नाव आधी कवटीला लागलं, आणि कवटीवरून ते तिच्या पुढच्या भागावर, कपाळावर, आलं.

आता हे वाचून ज्याच्या मनात 'कपाल' हा शब्द उमटला नाही त्याने संस्कृत पुन्हा उघडावं. आपलं 'कपाळ' हे 'कपाल'वरून आलं. कपाल म्हणजे कवटी, म्हणून कपाळमोक्ष, म्हणून कपाळक्रिया, म्हणून कापालिक. आणि कपाल म्हणजे भाजलेल्या मातीचं खापरही. यज्ञात पुरोडाश भाजायचा तो या कपालांवर. तांदळाचं किंवा जवाचं पीठ मळून त्याची पोळी करायची, निखाऱ्यांवर कपालं मांडायची आणि त्यांच्यावर ती भाजायची. अग्नीचा पुरोडाश आठ कपालांवर, म्हणून तो 'अष्टाकपाल', इंद्राग्नींचा अकरा कपालांवर म्हणून 'एकादशकपाल'. म्हणजे पदार्थाचं नाव त्याच्या तव्यावरून पडलं. पन्नकाकाचंही तव्यावरूनच पडलं. आणि दोन्हीकडे तव्याचा शब्द कपाळाचा निघाला!

हे साम्य मी ओढूनताणून आणलेलं नाही. शतपथ ब्राह्मणाच्या पहिल्याच कांडात ते लख्ख मांडलं आहे: पुरोडाश हे यज्ञाचं मस्तक, डोक्यातली जी कपालं तीच ही कपालं, आणि पीठ म्हणजे मेंदू. तव्याकडे बघून कवटी आठवणारी माणसं बाल्टिकच्या काठावर होती आणि यज्ञवेदीपाशीही होती. मला तर हे वाचल्यापासून साधं धिरडं घालतानाही तव्याकडे वेगळ्या नजरेने पाहावं लागतं.

मराठीत तर हा धागा दोनदा आला आहे. 'खापर' घ्या. संस्कृत 'कर्पर', 'खर्पर' यांचे अर्थ पाहा: मडकं, मडक्याचा तुकडा आणि कवटी. खानदेशात आजही पुरणाचे मांडे उपड्या खापरावर भाजतात. म्हणजे 'कपाळ' हा शब्द चुलीवरून उठून माणसाच्या डोक्यावर जाऊन बसला आणि 'खापर' चुलीवरच राहिलं. दोघांचा प्रवास एकाच जागेहून सुरू झाला होता.

इथे एका जाणकारांशी माझं जुनं भांडण आहे. त्यांचं म्हणणं, आधी कवटी, मग भांडं. माणूस पूर्वी कवटीतून पाणी प्यायचा, म्हणून कवटीचा शब्द भांड्याला लागला. पुराव्यादाखल ते व्हायकिंग लोकांची गोष्ट सांगतात: ते शत्रूच्या कवटीतून मद्य प्यायचे, म्हणून स्वीडिश लोक पेला उंचावताना 'स्कोल' म्हणतात. ही गोष्ट भाकडकथा आहे. 'स्कोल' म्हणजे वाटी, वाडगा, बाकी काही नाही. ताई, तुम्ही ज्या भांड्यात अंडी फेटता त्याला तुमची शेजारीण स्कोलच म्हणत असणार. उलट कवटीला स्वीडिशमध्ये 'येर्नस्कोल' म्हणतात, म्हणजे मेंदूची वाटी. वाटी आधी, कवटी नंतर. फ्रेंचमध्ये डोक्याला 'तेत' म्हणतात, तो लॅटिन 'तेस्ता'वरून आला, आणि तेस्ता म्हणजे मातीचं भांडं, खापर. जर्मन 'कोप्फ' म्हणजे आज डोकं, पण मुळात तो पेल्याचा शब्द, इंग्रजी 'कप'चा भाऊ. एवढ्या भाषांत भांडं चढत चढत डोक्यावर गेलेलं दिसत असताना 'कपाल' तेवढा डोक्यावरून खाली उतरला असं मानायचं, ते कशासाठी? कपाल हाही आधी मातीचाच, हे माझं ठाम मत आहे आणि त्या जाणकारांनी ते एकदा तपासून पाहावं.

दुसरा गट त्याहून उतावीळ. त्यांना 'पॅन' हा शब्द 'पात्र'वरून आलेला हवा असतो. काहींना तर तो 'पान'वरून, कारण कोकणी घरांत तांदळाचा पानपोळा असतो. 'पात्र' हे 'पा', पिणे, या धातूवरून आलेलं आहे. 'पॅन' आणि 'पन्ना' बहुधा लॅटिन 'पातिना'वरून, म्हणजे पसरट ताटलीवरून. दोन्ही भांडी आहेत म्हणून एका कुळातली होत नाहीत. पानपोळ्यातलं पान मला तरी पानासारख्या पातळपणाचं वाटतं. कपाल आणि पन्ना यांच्यात ध्वनीचं नातं मी सांगितलेलंच नाही, आणि तिथेच त्यांची खरी मौज आहे. शब्द वेगवेगळे, कुळं वेगवेगळी, पण विचार एकच.

लोकांच्या कानाचं सामर्थ्य मी मात्र नाकारत नाही. स्वीडनमध्ये २५ मार्चला मेरीचा सण असतो, 'वोरफ्रुदागेन', म्हणजे आमच्या स्वामिनीचा, मेरीचा, दिवस. लोकांच्या तोंडी तो 'वॉफेलदागेन' झाला, वॉफलचा दिवस, आणि आता त्या दिवशी घरोघर खरोखरच वॉफल करतात. चुकीच्या ऐकण्यातून एक सण उभा राहिला. पण तो चुकीचा कान होता हे सांगायला तिथले लोक कचरत नाहीत. आपणही कचरू नये.

तर घावन की धिरडं? घावन तांदळाचं, त्याला जाळी पडायला हवी, जाळी पडली नाही तर कोकणातली कुठलीही आई ते परत करायला लावेल. पन्नकाकाला जाळी नसते, तो गुळगुळीत असतो आणि त्यावर तपकिरी ठिपके येतात. धिरडं जाडसर असतं, ते डावाने पसरावं लागतं. पन्नकाका तवा फिरवून पसरतो. आंबोळी तर विषयच नाही, इथे काही आंबत नाही. मी 'पोळा' म्हणेन. मराठीत अंड्याचा पोळा आहेच, म्हणजे या शब्दाला अंडं चालतं, ओतणं चालतं, तवा चालतो. 'पातळ स्वीडिश पोळे' असं मथळ्यात लिहा आणि कंसात पन्नकाका. फक्त 'पातळ' गाळू नका, कारण प्रत्येक पन्नकाका पातळ नसतो. ओव्हनच्या मोठ्या ट्रेमध्ये भाजून चौकोनी कापतात तो 'उन्सपन्नकाका' जाड असतो, आणि गोटलंड बेटावरचा केशराचा तर तांदळाच्या खिरीपासून करतात. छोटे छोटे घालतात त्यांना 'प्लेत्तार' म्हणतात. त्यांचा बिडाचा तवा सात उथळ वाट्यांचा असतो. त्याला आप्पेपात्र म्हणू नका, आप्प्याची वाटी खोल असते.

लिहिण्याआधी एक सांगतो. सगळं दूध एकदम ओतलंत तर मैद्याच्या गुठळ्या राहतील. मैदा, मीठ आणि निम्मं दूध आधी घोटा, मग उरलेलं दूध, मग अंडी. लोणी तव्यातच वितळवून पिठात ओता, म्हणजे तवाही माखला जातो. पीठ अर्धा तास मुरू द्या. मग तुमच्या शेवटच्या वाक्याच्या जागी हे लिहा:

"बिडाचा तवा चांगला तापवून त्यात जरासं लोणी सोडावं. ते फसफसून शांत झालं की एक डाव पीठ घालावं आणि लगेच तवा उचलून गोल फिरवावा. वरचा ओलेपणा गेला आणि कडा सुटल्या की पोळा उलथावा. दुसरी बाजू अर्ध्या मिनिटात होते. असेच सगळे पोळे घालावेत, आणि लिंगनबेरीच्या (लाल, आंबट रानफळाच्या) मुरांब्याबरोबर गरम वाढावेत. गुरुवार असेल तर आधी पिवळ्या वाटाण्याचं सूप."