ऐरोलीहून फ्लेमिंगो बघायला बोट मिळते, मग अंटार्क्टिकाकडच्या पक्ष्यांच्या बेटांवर उतरू का देत नाहीत?

कारण ठाण्याच्या खाडीत फ्लेमिंगो पोट भरायला येतात, तर त्या बेटांवर पक्षी वीण घालतात, तेही थेट जमिनीवर किंवा बिळात. आपले फ्लेमिंगो घरटी करायला कच्छच्या रणाकडे जातात. बोट फार जवळ गेलीच तर उडून पलीकडच्या चिखलात बसतील. अंड्यावर बसलेल्या पेंग्विनला ती सोय नाही. पण खरी भीती पर्यटकाची नाही, त्याच्याबरोबर येणाऱ्या उंदराची आणि बुटाला चिकटलेल्या बियांची. दक्षिण अटलांटिकमधल्या साउथ जॉर्जिया बेटावर सील आणि देवमाशांच्या शिकारी जहाजांतून उंदीर उतरले आणि अंडी-पिल्लं फस्त करत सुटले. शेवटी हेलिकॉप्टरमधून विषारी आमिष टाकावं लागलं, तेव्हा कुठे २०१८ मध्ये बेट उंदीरमुक्त जाहीर झालं. ऑस्ट्रेलियाच्या ताब्यातल्या हर्ड आणि मॅकडोनाल्ड या निर्मनुष्य बेटांवर उंदीर-मांजर कधी रुजलेच नाहीत. १९९७ साली त्यांना जागतिक वारशाचा दर्जा मिळाला त्यामागे हेही एक कारण होतं. 'पुरेशी काळजी घेऊन उतरू द्या' हा युक्तिवाद मला इथे पटत नाही, कारण गाभण उंदरीण एक पुरते.

मात्र बंदी सरसकट नाही. साउथ जॉर्जियावर बूट-कपडे तपासून पर्यटकांना उतरवतात, हर्डसाठी परवाना लागतो. मॅकडोनाल्डवर उतरायला मात्र सबळ वैज्ञानिक कारणच हवं. तिथे माणूस उतरल्याच्या नोंदी दोनच, १९७१ आणि १९८० च्या.